सात नंबरचे दोन फ्री थ्रो

मला खुर्चीत बसवत नाही. बँकेत सव्वीस वर्षं काढली, त्यातली पहिली बारा बास्केटबॉलच्या मैदानावर आणि उरलेली काउंटरमागे उभ्यानं. लोक खिडकीशी येतात आणि विचारतात, "मॅडम, निघालात का?" कारण माझा एक पाय कायम पुढे टाकलेला असतो. निघाले नाही हो, इथंच आहे, द्या ते कागद. शाखेतल्या पोरी आताशा माझ्या खुर्चीवर आपल्या पर्सा ठेवतात. घरी, नल्लकुंट्यात, नवरा म्हणतो, "तू जेवतानासुद्धा वॉर्म-अप करतेस." तो मूळचा पुण्याचा, कंपनीच्या कामासाठी हैदराबादला आला आणि माझ्यामुळे इथलाच झाला, पण टोमणे अजून पुण्याचेच मारतो.

ही नोकरी मला खेळाडूंच्या कोट्यातून लागली. बँकेला आपल्या टीमसाठी एक मुलगी हवी होती आणि त्या मुलीला त्याबद्दल कायमची नोकरी मिळणार होती. जागा एकच. ती मला मिळाली कॉलेजच्या शेवटच्या मॅचमधल्या दोन फ्री थ्रोंमुळे, आणि ते दोन्ही फ्री थ्रो माझे नव्हते. आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे कुणी म्हणायला नको की बाईनं लपवलं.

नियम साधा आहे. जिला धक्का मारून पाडलं, तिनंच रेषेवर उभं राहायचं आणि रिंगमध्ये चेंडू टाकायचा. दुसरीनं नाही. धक्का बसला होता सात नंबरला. मारले मी.

आमचं कॉलेज जामबागेत. मैदान सिमेंटचं, उन्हानं तापलं की बुटांचे तळवे चिकटायचे. सरांना नावं लक्षात राहत नसत, म्हणून ते जर्सीवरच्या नंबरानं हाका मारायचे. मी अकरा. "ए ग्यारा, खडी कायकू है? भाग!" हे मी तीन वर्षं ऐकलं. आजही कोठीच्या बाजारातल्या गर्दीत कुणी मागून ग्यारा म्हटलं तर मी पळत सुटेन.

ती सात. बुटकी, चपळ आणि तोंडानं फटकळ. तिचे वडील बेगम बाजारात मसाल्याच्या ठोक दुकानात कामाला, राहायला त्याच दुकानाच्या वर. तिच्या पिशवीला कायम धण्यांचा वास यायचा. आमच्यासारखीच त्यांचीही माणसं नांदेडकडची, दोन पिढ्यांपूर्वी इकडे आलेली. टीममध्ये मराठी आम्ही दोघीच, आणि त्याचा आम्ही भरपूर फायदा घेतला. समोरच्या पोरींना तेलुगू कळायचं, उर्दू कळायचं. मग आम्ही चाली मराठीत ठरवायचो, तेही मोठ्यानं ओरडून. "अगं, ती उंच बया झोपायलीय बघ, तिच्या डाव्या अंगानं घूस!" उंच बया बिचारी आमच्याकडे बघून हसायची. आमच्या मराठीच्या जोरावर आम्ही किती मॅचेस काढल्या ते आठवलं की आजही हसू येतं.

तिच्या घरी एक गोष्ट ठरून गेली होती. वडील म्हणाले होते, पोरीला नोकरी लागली तर चार वर्षं लग्नाचा विषय काढणार नाही. नाही लागली तर स्थळ आलेलंच आहे. सराव संपला की आम्ही पायऱ्यांवर बसून भाजलेल्या शेंगा खायचो, तेव्हा ती हे सांगायची. "मला नोकरी पाहिजे गं अकरा," म्हणायची, "कसली बी चालेल." म्हणजे मला माहीत होतं. नीट माहीत होतं.

फायनलला बँकेचे दोन साहेब आले. लिंबाच्या झाडाखाली लोखंडी खुर्च्या टाकून, मांडीवर वही घेऊन बसले. ते कशाला आलेत हे दोन्ही टीमच्या एकूणएक पोरीला ठाऊक होतं.

शेवटचे चार सेकंद राहिले आणि आम्ही एका गुणानं मागे. सात चेंडू घेऊन आत घुसली, तिनं उडी मारली आणि त्यांच्या मुलीनं तिला हवेतच आडवं केलं. शिट्टी. दोन फ्री थ्रो. दोन्ही गेले तर आम्ही जिंकलो. एक गेला तर बरोबरी, आणि मग जादा पाच मिनिटं. एकही नाही गेला तर चला घरी. फाउल कुणाचा ते सांगायला रेफरी आमच्याकडे पाठ करून गुण लिहिणाऱ्यांच्या टेबलाकडे गेला. त्यांचे कोच ओरडत मैदानात घुसले. सगळ्यांच्या माना तिकडे वळल्या.

आणि मी रेषेवर जाऊन उभी राहिले.

मी दहातले आठ मारायची, ती पाच. त्या वेळी एवढंच डोक्यात होतं. निदान पुढे सगळ्यांना मी असंच सांगत आले. ती थरथरत होती, तिनं माझ्याकडे बघितलं, मला नाही जमणार अशी मान हलवली, म्हणून मी गेले. टीमसाठी गेले. रेफरी वळला तर समोर एक घामेजलेली पोरगी हात पुढे करून चेंडू मागतेय. त्यानं दिला. पहिला गेला. दुसराही गेला. उरलेल्या चार सेकंदांत त्यांना काही करता आलं नाही. सरांनी सगळं बघितलं होतं. ते खाली वाकले आणि बुटाची नाडी बांधत बसले.

असली चूक रेफरी स्कोअरशीटवर सही करेपर्यंत दुरुस्त होऊ शकते, ते गुण रद्द होतात. कुणीतरी फक्त तोंड उघडायचं. मी त्याच्या पेनाकडे बघत उभी होते. सात माझ्या शेजारी होती, टॉवेलात तोंड खुपसून. त्यानं सही केली आणि पोरींनी मला उचलून घेतलं.

महिन्याभरात मला बँकेचं पत्र आलं. चार महिन्यांनी तिचं लग्न झालं, बेगम बाजारातच, दुसऱ्या एका मसाल्याच्या दुकानात. आहेर म्हणून मी काय द्यावं? भिंतीवरचं घड्याळ. आता आठवलं की स्वतःच्या थोबाडीत मारावीशी वाटते. घड्याळ काय द्यायचं गं बये, तिला?

पुढची बारा वर्षं माझी मजेत गेली, खोटं कशाला बोलू. सकाळी मस्टरवर सही, जेवण झालं की मैदान. बँकेच्या टीमबरोबर आगगाडीनं गावोगाव हिंडले, डब्यातल्या वरच्या बर्थवर पाय दुमडून झोपले, ट्रॅकसूटमधली फोटोतली बाई झाले. मग गुडघा गेला. डॉक्टर म्हणाले, आता पुरे. त्या सोमवारी मी पहिल्यांदा संध्याकाळी पाचपर्यंत बँकेत थांबले, आणि माझ्या पायांनी जे बंड पुकारलं ते आजतागायत मिटलेलं नाही. रविवार तर अंगावर येतो. म्हणून मी कॉलेजांच्या स्पर्धांत टेबलावर काम करायला लागले. टेबल म्हणजे मैदानाच्या कडेला जिथं गुण आणि फाउल लिहितात ती जागा. तिथंही मी उभ्यानंच लिहिते. गाडीच्या डिकीत एक चेंडू कायम असतो, का असतो ते मला विचारू नका.

आणि तो किस्सा मी सांगायची. हेच जास्त बोचतं. रेफरीला कसं उल्लू बनवलं, हा माझा ठेवणीतला किस्सा होता. काही वर्षांपूर्वी आमची जुनी टीम एका हॉटेलात जमली, तेव्हाही मी तो हातवारे करून सांगितला. सगळ्या खो-खो हसल्या. सातही हसली आणि "चहा सांगते सगळ्यांना," म्हणून उठून गेली. मला वाटलं, किती मोठ्या मनाची आहे!

तो भ्रम या उन्हाळ्यात फुटला. मुलींची आंतरमहाविद्यालयीन स्पर्धा होती आणि टेबलावर मी होते. शेवटचं मिनिट, दोन गुणांचा फरक, मागे असलेल्या टीमच्या एका काटकुळ्या पोरीला धक्का बसला, फाउल झाला. मी नंबर लिहिला, मान वर केली, तर रेषेवर दुसरीच उभी! लांब हातांची, ऐटबाज, टीमची हिरॉइन. रेफरी तिला चेंडू देणार एवढ्यात मी टेबलावर असा हात आपटला की पाण्याची बाटली खाली पडली. "ए! गलत पोट्टी है!"

खेळ थांबला. हिरॉइनला हटवलं. काटकुळी रेषेवर आली, तिनं तळवे जर्सीला पुसले. पहिला रिंगच्या पुढच्या कडेला लागला. दुसरा बोर्डालाही लागला नाही. हरले ते. हिरॉइन माझ्यापाशी येऊन फणफणली, "उससे नै होता मॅडम, मैं मदद कर री थी!" हेच वाक्य मी सव्वीस वर्षं बोलत आले होते.

मी पिशवी भरत होते तेव्हा ती काटकुळी आली. रडून डोळे लाल झालेले. मला वाटलं, आता ही पण मला शिव्या घालणार, घालू दे. ती म्हणाली, "थँक्यू मॅडम. वो मेरे थे. मैं उसकू मारो बोली बी नै." ते माझे होते, मी तिला मार म्हटलंच नव्हतं. एवढं बोलून ती पळाली.

मी तिथंच गाडीजवळ उभी राहिले. ती "मार" म्हणाली नव्हती. मग सात म्हणाली होती का? मी डोळे मिटून आठवायला लागले. सिमेंट आठवलं, लिंबाचं झाड आठवलं, साहेबांची वही आठवली. तिची ती हललेली मान मात्र काही केल्या दिसेना. इतक्या वेळा सांगून सांगून ती मीच हलवलेली होती की काय, असा विचार आला.

दुसऱ्या दिवशी रजा टाकली आणि बेगम बाजार गाठला. दुपारची वेळ, गिऱ्हाईक कमी. तिचा नवरा आत गल्ल्यावर होता, ती दारातल्या पोत्यांमध्ये उभी राहून एक-एक किलोच्या पुड्या हमालाकडे फेकत होती, दोन्ही हातांनी, छातीपासून, आम्ही पास द्यायचो तशा. हमाल न बघता झेलत होता.

"या, बँकवाल्या बाई," ती म्हणाली. "आज इकडं कुठं?"

"धणे पाहिजेत."

"नल्लकुंट्यातले धणे संपले का?"

"फायनलला तू मला 'तू मार' म्हणाली होतीस का?" मी एकदम विचारून टाकलं. वाटेत बरंच काही जुळवलं होतं, त्यातलं एक अक्षर आठवलं नाही.

तिनं हातातली पुडी खाली ठेवली. "बस आधी."

"बसवत नाही मला."

"ठाऊक आहे." तिनं हमालाला चहाला पिटाळलं. मग पदरानं हात पुसत शांतपणे बोलायला लागली. "मी काहीच म्हणाले नाही. मी रेषेवर पोचले होते. चेंडूसाठी हात पुढे केला होता. तू मागून आलीस, माझा खांदा धरलास आणि मला बाजूला केलंस. 'हो बाजूला, मी मारते,' म्हणालीस. मराठीत म्हणालीस, म्हणून कुणाला कळलं नाही."

मला आमच्या त्या मराठीतल्या चाली आठवल्या आणि कान तापले.

"तू थरथरत होतीस," मी म्हणाले. काहीतरी म्हणायला हवं म्हणून.

"थरथरणारच की! नुकतीच आपटले होते सिमेंटवर. थरथरत मारले असते."

"मग बोलली का नाहीस? सही व्हायला वेळ होता."

"बोलून काय? आपण हरलो असतो आणि पोरींनी मला जिवंत सोडलं नसतं." ती पोत्यावर टेकली. "तुझा राग आला होता. लई आला होता. पण तुझ्यापेक्षा माझा जास्त आला. मी हलले कशाला? जागची हललेच नसते तर तू काय मला उचलून ठेवणार होतीस? एकदा हलले, आणि मग जो येईल त्याच्यासाठी हलत राहिले. बाबांसाठी, सासूसाठी. ह्यांचा स्वभाव बरा, म्हणून निभावलं."

आतून तिच्या नवऱ्यानं मान वर करून पाहिलं आणि परत खाली घातली. त्याच्या डोक्यावर भिंतीवर माझं घड्याळ होतं. काचेवर मसाल्याची पिवळी धूळ, पण काटे बरोबर चाललेले.

"चुकलं माझं," मी म्हणाले. "मी तुझं घेतलं आणि वर गावभर किस्सा करून सांगत सुटले."

मला वाटलं ती म्हणेल, जाऊ दे गं, जुनी गोष्ट. आपल्यात तसंच म्हणतात. "हौ," ती म्हणाली. "चुकलं तुझं."

माझे पाय अर्थातच स्थिर नव्हते, या पायावरून त्या पायावर. तिनं ते पाहिलं आणि तिला हसू फुटलं. "अगं किती नाचतेस! घोड्यावर आलीस का?"

"गाडीत चेंडू आहे," मी म्हणाले.

तिनं माझ्याकडे पाहिलं. मग आत वळून म्हणाली, "अहो, मी जामबागेला जाऊन येते. अर्धा तास लागेल."

"जामबागेला काय?" तो म्हणाला.

"काम आहे माझं."

कॉलेजला परीक्षांची सुट्टी होती. माजी विद्यार्थिनी आहोत म्हटल्यावर वॉचमननं आमच्या पांढऱ्या केसांकडे बघून फाटक उघडलं. लिंबाचं झाड तोडलेलं, तिथं आता मोटारसायकली लागतात. मैदान तेच होतं, रिंगला जाळी नव्हती. सातनं चपला काढल्या, पदर कमरेला खोचला आणि रेषेवर गेली. "अगं आई गं, पाय भाजायलेत!" म्हणाली, पण हलली नाही. मी चेंडू तिच्या हातात दिला. रेफरी देतो तसा, दोन बोटं दाखवून.

तिनं तो तीनदा आपटला. गुडघे वाकवले. चेंडू उंच गेला, बोर्डावर टेकला आणि आत पडला. मी ओरडले, इतकी की वॉचमन बाहेर आला.

"बरोबरी," ती म्हणाली. "म्हणजे अजून पाच मिनिटं खेळलो असतो. साहेबांनी पाच मिनिटं अजून बघितलं असतं आपल्याला. दोघींना."

मी दुसऱ्यासाठी चेंडू दिला. ती आपटायला लागली आणि मध्येच थांबली. माझ्या तोंडाकडे निरखून पाहत म्हणाली, "खरं सांग. जावा वाटतंय तुला, का नको?"

खोटं बोलायला एक क्षण पुरला असता. पण दुसरा गेला असता तर मॅच तिनं जिंकली असती, आणि मग माझी सव्वीस वर्षं, आगगाड्या, ट्रॅकसूट, खिडकी, ती पर्सांनी भरलेली खुर्चीसुद्धा, सगळं तिचं होतं. सत्तेचाळीस वर्षांची बाई मी, आणि एका चेंडूला घाबरले होते.

"नको," मी म्हणाले.

ती मान मागे टाकून हसली, पायऱ्यांवर शेंगा खाताना हसायची तशी. "बघ गं, किती वर्षांनी खरं बोललीस," म्हणाली आणि तिनं चेंडू मारला. तो रिंगवर बसला, कडेकडेनं फिरला, एकदा, दीडदा, आणि बाहेर पडला.

"नजर लावलीस मेली!" ती ओरडली.

चेंडू उसळत माझ्याकडे आला. मी तो धरला, आणि काही कळायच्या आत माझे पाय रेषेकडे निघालेसुद्धा. दोन पावलांवर जाऊन थांबले. सवयीनं वाट बघितली, ती बाजूला होईल म्हणून. ती तापल्या सिमेंटवर अनवाणी उभी होती. पाय पोळत असणार. ती हलली नाही.

"नक्को," ती म्हणाली आणि हात पुढे केला. "माझं झालं नाही अजून."

मी चेंडू तिला दिला आणि रिंगखाली जाऊन उभी राहिले.